बांधी, धुरा आणि मातीचे मोल

रामटेकच्या धानपट्ट्यात एखाद्याने वीटभट्टीसाठी वा रस्त्याच्या भरावासाठी आपल्या बांधीची दोन-तीन फूट माती विकली, तर तो व्यवहार त्याच्यापुरता राहत नाही. लगतची बांधी आपोआप उंचावर पडते, तिचा धुरा पावसात ढासळतो आणि धानाला हवे असलेले साचते पाणी खालच्या खड्ड्यात निघून जाते. आम्ही वर्गात यास ‘बाह्य परिणाम’ म्हणतो. शेजारी तो पोत्यांनी मोजतो.

कायदा मात्र ब्रास मोजतो. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम ४८(७) अन्वये विनापरवाना उत्खननास बाजारमूल्याच्या पाचपटीपर्यंत दंड आहे. तो सरकारजमा होतो. धुरा ढासळलेलाच राहतो. रस्ते, पाइपलाइन आदी प्रकल्पांसाठी माती काढण्यास पर्यावरण मंजुरीतून दिलेली सरसकट सूट सर्वोच्च न्यायालयाने २१ मार्च २०२४ रोजी रद्द केली, हे योग्यच झाले. परंतु लगतच्या खातेदाराची लेखी संमती ही परवान्याची पहिली अट असावी, असे आमचे मत आहे.

विटा हव्यातच, त्या शेतमातीच्याच हव्यात असे नाही. कोराडी-खापरखेड्याची राख दूर नाही, आणि सुपीक माती वाचावी म्हणून राखेच्या वापराची सक्ती करणारी केंद्राची अधिसूचना १९९९ सालची आहे. राखेची वीट महाग पडते म्हणतात. मातीच्या भावात शेजाऱ्याचे बुडालेले धान धरून हा हिशेब तहसील कचेरीने एकदा मांडून पाहावा.