दोन खोल्या आणि ओले कपडे

आम्ही पुण्यात भवानी पेठेतील एका जुन्या इमारतीत राहतो. जुलै महिन्यातील एका रविवारी मी वरच्या मजल्यावरच्या खालांकडे गेलो. दार उघडताच एक ओली बाही माझ्या तोंडाला लागली. खोलीभर दोऱ्या बांधल्या होत्या. एका दोरीवर शाळेचे गणवेश होते, दुसरीवर चादरी आणि पंख्याखाली बाळाची दुपटी. त्या कपड्यांच्या छताखाली खालांची मुलगी भूमितीचे पुस्तक घेऊन बसली होती. ती दहावीत आहे. वहीवर पाणी ठिबकू नये म्हणून तिने वर एक जुनी छत्री उघडून अडकवली होती!

"तीन दिवस झाले, काही वाळत नाही," खाला म्हणाल्या. "गच्चीला घरमालकांनी कुलूप घातले आहे. कपडे धुणारे आणि वाळवणारे एकच यंत्र मिळते म्हणतात. घ्यावे का हो?"

प्रश्न साधा होता, पण मला लगेच उत्तर देता आले नाही.

पुण्याचा पाऊस कोकणासारखा धो धो पडत नाही. तो भुरभुर पडतो आणि दिवसभर पडतो. हवा इतकी दमट असते, की कपड्यातील पाणी तिच्यात मावतच नाही. एप्रिलमध्ये तासाभरात वाळणारी पँट जुलैमध्ये दोन दिवस घेते. मग कपड्यांना कुबट वास येतो, भिंतींना बुरशी येते आणि दम्याच्या माणसाला त्रास होतो.

पूर्वी वाड्यांत मोठे चौक होते. नानासाहेब पेशव्यांच्या काळात कात्रजहून नळाने पाणी आणून शहरात हौद बांधले. धुण्याला दगड आणि वाळवायला मोकळी जागा असे. माजघरात छताजवळ लांब दांडी टांगलेली असे आणि काठीने तिच्यावर लुगडी टाकत. छत उंच होते, म्हणून ते ओले कपडे डोक्याला लागत नसत. आता छत खाली आले, चौक गेला, पाऊस मात्र तोच राहिला.

येथे एक घोटाळा समजून घेतला पाहिजे. तुम्ही घरी 'निचोडना' आणि 'सुखाना' म्हणता. मराठीत त्यांना पिळणे आणि वाळवणे म्हणतात. ही दोन वेगळी कामे आहेत. आपल्याकडील दोन टाक्यांच्या यंत्रात एका टाकीत कपडे धुतात, तर दुसरीत ते गरगर फिरतात. त्या दुसऱ्या टाकीला आपण खुशाल 'ड्रायर' म्हणतो. पण ती कपडे फक्त पिळते, वाळवत नाही. खालांच्या माहेरी असेच यंत्र आहे. त्यांना वाटत होते, की नवे यंत्रही तेवढेच करील.

नवे यंत्र खरोखर वाळवते. कपडे धुऊन, पिळून झाले, की त्याच पिंपात गरम हवा सोडली जाते. कपड्यातील पाण्याची वाफ होते. अशा पुष्कळ यंत्रांत ती वाफ थंड पाण्याने गार करतात आणि तिचे पुन्हा पाणी होऊन ते मोरीत जाते. वाफ बाहेर सोडायला भिंतीला भोक पाडावे लागत नाही. दोन फूट रुंद आणि पावणेतीन फूट उंच जागा पुरते. लहान घराला हे फार सोयीचे आहे.

पण थोडा हिशोब करू. एक लीटर पाण्याची वाफ करायला किमान ०.६ युनिट वीज लागते. चार किलो कपड्यांत, ते चांगले पिळले तरी, दोन लीटरच्या आसपास पाणी उरते. म्हणजे १.२ युनिट झाले. थोडी उष्णता वाया जाते, म्हणून प्रत्यक्षात अडीच युनिट धरा. तेवढ्या विजेवर २० वॅटची ट्यूब पाच दिवस आणि पाच रात्री जळेल! हेच काम ऊन फुकट करते.

शिवाय आठ किलो कपडे धुणारे यंत्र साधारण पाच किलोच वाळवते. कारण वाळताना कपड्यांना हवेत उसळायला जागा लागते. हे न पाहता लोक पिंप ठासून भरतात आणि चार तासांनी दमट कपडे निघाले, की यंत्राला नावे ठेवतात.

दुसरी अडचण पाण्याची. वाफ गार करायला पाणी लागते, म्हणजे नळ कोरडा तर कपडे ओले. २०१५ साली पाऊस कमी झाला, तेव्हा पुण्यात काही महिने एक दिवसाआड पाणी येत होते. आणखी एक, जुन्या घरात विजेचा जाड प्लग आणि अर्थिंग ठीक आहे का, हे आधी तपासून घ्यावे. ओल्या मोरीजवळ विजेशी खेळ नको.

मग माझे मत काय? ज्यांच्याकडे गॅलरी किंवा गच्ची आहे, त्यांनी या यंत्रासाठी जास्त पैसे घालू नयेत. त्यांना साधे धुण्याचे यंत्र पुरे. आणखी एक गणवेश शिवला, तरी पावसाळा निभतो. पण ज्या घरात दोनच खोल्या आहेत, तान्हे मूल आहे आणि कपडे घालायला बाहेर हातभर दोरी नाही, तेथे मी त्याला चैन म्हणणार नाही. जून ते सप्टेंबर वाळवण्याचे बटण दाबावे. उरलेले आठ महिने ते यंत्र फक्त धुण्यासाठी वापरावे आणि कपडे खिडकीबाहेरच्या दांडीवर घालावेत.

आमच्या इमारतीतील एका आजोबांना हे पटले नाही. "आमच्या अम्मीने सात जणांचे कपडे हाताने धुतले," ते म्हणाले. मी विचारले, "त्यांची पाठ दुखत नसे का?" आजोबा थोडा वेळ गप्प बसले. मग म्हणाले, "आम्ही कधी विचारलेच नाही."

खालांनी पुढच्या पावसाळ्याआधी ते यंत्र हप्त्यांवर घेतले. छत्री खाली उतरली. मुलीची वही आता कोरडी राहते. पण पहिले काही आठवडे मी पाहत होतो, कपडे यंत्रात तीच घालायची, काढायची आणि त्यांच्या घड्याही तीच करायची. तिचा सातवीतला भाऊ शेजारी कॅरम खेळत असे. मी हे खालांना बोलून दाखवले. दुसऱ्या दिवशी त्यांनी त्याला ती बटणे शिकवली. आता घड्या तो करतो. मात्र चादरीची घडी एकट्याला जमत नाही, असे सांगून तो अजूनही बहिणीला हाक मारतो आणि तीही, "पुस्तक मिटल्यावर येते," असे उत्तर देते.