ट्लोनची नऊ नाणी आणि आपले अद्वैत

होर्हे लुइस बोर्हेस यांच्या 'ट्लोन, उक्बार, ऑर्बिस तर्तियुस' या कथेची चर्चा मराठीत निघाली की थोड्याच वेळात कोणीतरी ठेवणीतले वाक्य काढतो : 'हा तर आपला मायावादच!' मग माना डोलतात, बोर्हेस यांनी बौद्ध धर्मावर पुस्तक लिहिले होते याचा दाखला निघतो, आणि विषय संपतो. ही घाई निरुपद्रवी आहे असे प्रस्तुत लेखकास वाटत नाही. तिच्यापायी कथा वाचायची राहते, आणि ज्यांच्या नावाने अभिमान मिरवायचा ते आचार्यही वाचायचे राहतात.

ज्यांनी कथा वाचलेली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. ट्लोन हे एका गुप्त मंडळाने पिढ्यानपिढ्या खपून रचलेले काल्पनिक जग. त्याला स्वतःचा विश्वकोश आहे, भाषा आहेत, दर्शने आहेत. तेथील लोकांच्या लेखी जग म्हणजे अवकाशात मांडलेल्या वस्तू नव्हेत, तर एकामागून एक घडणाऱ्या सुट्या कृती. दक्षिण गोलार्धातील भाषांत नामेच नाहीत. चंद्र या नामाऐवजी 'चंद्रावणे' अशा धाटणीचे क्रियापद वापरावे लागते. एक पंथ काळ नाकारतो. दुसरा म्हणतो, सगळा काळ केव्हाच होऊन गेला, आपले आयुष्य ही त्याची अंधूक आठवण. तेथील तत्त्वज्ञांना सत्य नको असते, अचंबा हवा असतो.

अशा जगात अकराव्या शतकात एक पाखंडी निपजतो आणि भौतिकवाद मांडतो. त्याचा दृष्टान्त साधा आहे. मंगळवारी क्ष हा निर्जन रस्त्यावर तांब्याची नऊ नाणी हरवतो. गुरुवारी य याला त्याच रस्त्यावर चार नाणी सापडतात, बुधवारच्या पावसाने थोडी कळकलेली. शुक्रवारी ज्ञ याला तीन सापडतात, आणि त्याच सकाळी क्षला आपल्या घराच्या ओसरीत दोन. पाखंड्याचे म्हणणे एवढेच, की मधल्या काळातही ती नाणी कोठेतरी होती. आपल्याला यात सांगण्यासारखे काही वाटत नाही. ट्लोनमध्ये मात्र हे महापातक ठरते. सनातनी म्हणतात, 'हरवणे' आणि 'सापडणे' हे शब्दच चुकीचे, कारण पहिली नऊ नाणी आणि नंतरची नऊ नाणी एकच आहेत हे त्यांत आधीच गृहीत धरले आहे. शंभर वर्षांनी एक विचारवंत तोड काढतो : जाणणारा एकच आहे, अखंड आहे, क्ष तोच य आणि तोच ज्ञ.

आपले लोक उडी मारतात ती नेमकी येथे. पण पुढचे वाक्य वाचावे. हा सिद्धान्त तेथे का जिंकला याची तीन कारणे निवेदक देतो : त्याने 'मी एकटाच आहे' हा अहंमात्रवाद टळतो, शास्त्रांचा मानसशास्त्रीय पाया शाबूत राहतो, आणि देवदेवतांची उपासना चालू ठेवता येते. तो खरा आहे हे कारण यादीत नाही. ज्याला आपण अद्वैताचा गौरव समजतो तो एका सोयीस्कर तडजोडीवर केलेला विनोद आहे.

आता आपल्या आचार्यांकडे वळू. वसुबंधूंनी 'विंशतिके'त आरंभीच स्वतःवर आक्षेप ओढवून घेतले आहेत : बाह्य वस्तू नसेल तर विशिष्ट स्थळीच, विशिष्ट वेळीच ती का दिसते? एकालाच न दिसता अनेकांना का दिसते? हा नाण्यांचाच प्रश्न आहे. त्याचे उत्तर पटो वा न पटो, ते देण्यासाठी त्यांना स्वप्नाचा, प्रेतांच्या समान कर्मविपाकाचा विचार करावा लागला. शंकराचार्यांनी तर ब्रह्मसूत्रांच्या दुसऱ्या अध्यायाच्या दुसऱ्या पादावरील भाष्यात विज्ञानवादाचे खंडनच केले. जागेपणीचा अनुभव स्वप्नासारखा बाधित होत नाही, हा त्यांचा मुद्दा. व्यावहारिक सत्तेत क्षची नऊ नाणी नऊच राहतात आणि ती ज्याची त्यालाच परत करावी लागतात. ट्लोनमध्ये प्रश्नाला उत्तर देत नाहीत. तो विचारण्याचे शब्दच काढून घेतात. हे साम्य की उभा छेद?

गंमत म्हणजे या वाचनपद्धतीची नक्कलही कथेतच आहे. ट्लोनमध्ये सर्व ग्रंथांचा कर्ता एकच मानतात. तेथील समीक्षक 'ताओ ते चिंग' आणि 'अरेबियन नाइट्स' अशी दोन परस्परविरुद्ध पुस्तके उचलतात, ती एकाच लेखकाच्या नावावर चढवतात आणि मग त्या लेखकाचे मन प्रामाणिकपणे उलगडत बसतात. शंकराचार्य आणि बोर्हेस यांना एका आसनावर बसवणारे आपले अभ्यासक याहून निराळे काय करतात?

ही नुसती पांडित्याची खोट असती तर सोडून देता आली असती. पण कथा 1940 च्या मे महिन्यात 'सुर' या नियतकालिकात आली, तेव्हा तिला 1947 सालची, म्हणजे भविष्यकाळातली, पुरवणी जोडलेली होती. तीत ट्लोनच्या वस्तू आपल्या जगात उगवू लागतात, त्याचा इतिहास शाळांत शिरतो, आणि माणसे आनंदाने शरण जातात. का? बोर्हेस नावे घेतात : द्वंद्वात्मक भौतिकवाद, ज्यूद्वेष, नाझीवाद. सुव्यवस्थेचा भास देणारी कोणतीही रचना लोकांना भुलवायला पुरली होती, मग ट्लोनने का भुलवू नये? युरोपात युद्ध पेटलेले असताना लिहिलेल्या या पानांतून 'आपल्याकडे हे आधीच होते' एवढेच वाचून घेणे म्हणजे जे आपल्याकडे होते म्हणायचे ते नेमके काय, हे न पाहता हक्क सांगणे होय.

बोर्हेस यांना बर्कलीचे आकर्षण होते, कोणी नाकारत नाही. म्हणूनच ट्लोनची दर्शने इतकी मोहक उतरली आहेत. पण निवेदक त्यांच्यात सामील होत नाही. जग ट्लोन होत चालले असताना तो आद्रोगे येथील हॉटेलात सर टॉमस ब्राउन यांच्या 'अर्न बरिअल'चे भाषांतर सुधारत बसतो, आणि ते छापण्याचा त्याचा विचार नाही. मायावादाचा शिक्का मारणाऱ्यांनी हा माणूस तेथे काय करतो आहे, तेवढे सांगावे.