दहा डॉलरचा बार, एक डॉलरचा कोको

"कोको महागला ना, म्हणून चॉकलेट महाग." इथे अमेरिकेत हे वाक्य पुन्हा कोणी ऐकवलं की मी कॅल्क्युलेटरच काढणार आहे. डिसेंबर २०२४ मध्ये न्यूयॉर्कच्या वायदेबाजारात कोको टनाला १२,००० डॉलरच्या वर गेला. मान्य. आता ७० टक्केवाल्या १०० ग्रॅमच्या बारला, टरफलं आणि भाजण्यातली घट धरून, साधारण ९० ग्रॅम बिया लागतात. म्हणजे त्या पिसाट भावातही १ डॉलर आणि वर थोडी चिल्लर! बार १० डॉलरला. उरलेले कुठे गेले, राव?

सगळीच लूट आहे असं नाही हं. छोट्या कारखान्यात बिया हाताने निवडतात, दोन-दोन दिवस घोटतात, भाडं-पगार असतातच, दुकानदारही वाटा घेतो. त्या मेहनतीचे पैसे मी खुशीने देईन. पण मेहनत झालीये हे कळणार कसं? ब्रुकलिनचे दाढीवाले मास्ट ब्रदर्स बियांपासून बार बनवणारे म्हणून गाजले, १० डॉलरला बार विकायचे. २०१५ मध्ये त्यांनीच कबूल केलं, की सुरुवातीच्या काळात काही मालात दुसऱ्यांचं तयार चॉकलेट वितळवून वापरलं होतं. कागद मात्र झकास!

टाझा आणि डॅन्डेलायन या इथल्याच कंपन्या. बिया कोणाकडून, काय भावाने घेतल्या ते त्या जाहीर करतात. मग बाकीच्यांना काय धाड भरलीये? रॅपरवर चवीचं काव्य छापायला जागा आहे ना, मग टनाला किती मोजले ही एक ओळही छापा. छापलीत की घेतो, अगदी दोन घेतो.