मोबाइलचा पडदा आणि आपल्या लेकी

नारायणगावला तमाशाची पंढरी म्हणतात. पाडव्याच्या सुमारास तेथे फडांच्या राहुट्या लागतात आणि गावोगावचे यात्रेचे पंच सुपारी ठरवायला येतात. आज ज्या विषयावर लिहायचे आहे त्याला आपल्या जुन्नर-आंबेगावात काहीजण ‘मोबाइलवरचा तमाशा’ म्हणतात. आम्हाला हे नाव मान्य नाही. का, ते पुढे येईलच.

विषय आहे हिंदीतील ‘बोल्ड’ लघुपटांचा. गोष्ट थोड्या मिनिटांची, वर्गणी स्वस्त आणि पाहणारा एकटा. २०२० आणि २०२१ साली कोरोनाने यात्रा बंद पडल्या, फड बसून राहिले. त्याच दिवसांत मुलांच्या शाळेसाठी म्हणून कर्ज काढून आपल्या घरात मोबाइल आला, आणि शाळेच्या मागोमाग हेही आले. मार्च २०२४ मध्ये केंद्र सरकारने असे १८ प्लॅटफॉर्म बंद केले. त्यांतले एक ॲप एक कोटीहून अधिक वेळा उतरवून घेतलेले होते, असे सरकारनेच सांगितले. जुलै २०२५ मध्ये आणखी २५ बंद झाले, त्यांत उल्लू आणि ऑल्ट ही गाजलेली नावे होती. बंदी आली तरी तुकडे फिरायचे थांबत नाहीत, हे व्हॉट्सॲपचा ग्रुप असलेल्या कोणालाही ठाऊक आहे.

या लघुपटांतली बाई कोण असते, हे पाहिले पाहिजे. पुष्कळदा ती धुणेभांडी करणारी असते, नाहीतर परगावी कामाला गेलेल्या नवऱ्याची बायको. म्हणजे पोटासाठी दुसऱ्याच्या दारात जाणारी, घरात एकटी राहणारी बाई. ती कोणालाही मिळू शकते, एवढीच तिची ओळख. आपल्या आयाबहिणी मंचर-नारायणगावात आणि पुण्याच्या सोसायट्यांत हीच कामे करतात. रात्री असे चित्र पाहिलेला माणूस सकाळी त्यांना दार उघडतो. अंगप्रदर्शनाची चर्चा सगळे करतात, या गोष्टीची कोणी करीत नाही.

आता तमाशाचे. विठाबाई नारायणगावकर बाळंतपणाच्या कळा सोसून पुन्हा बोर्डावर उभ्या राहिल्या, ही हकीकत या भागात घरोघर सांगतात. राष्ट्रपतींकडून त्यांचा सन्मान झाला, तरी अखेरचे दिवस हलाखीत गेले आणि २००२ साली त्या गेल्या. शिट्ट्या मारणारा पाटील इज्जतदार राहिला, नाचणारीला मात्र गावाने नावे ठेवली. नाचायला कोणत्या जातींच्या बाया होत्या, हे आम्ही सांगायला नको. बाबासाहेबांनी १६ जून १९३६ रोजी परळच्या दामोदर हॉलमध्ये मुरळ्या, जोगतिणी, देवदासी यांच्यासमोर उभे राहून, हे जिणे सोडा, असे सांगितले ते याच कारणाने. तरीही तमाशात गण-गवळण होती, वग होता, सरकारला आणि सावकाराला काढलेले चिमटे होते. विठाबाईंचा स्वतःचा फड होता. लघुपटातल्या मुलीच्या हाती यातले काय असते? राहुटी सकाळी उठते, तिची चित्रफीत मात्र तिला मुले-नातवंडे झाली तरी फिरत राहणार.

फेब्रुवारी २०२१ मध्ये मुंबईजवळच्या मढ येथील बंगल्यावर पोलिसांनी धाड घातली. वेबसिरीजचे काम सांगून बोलावले आणि मग भलतेच चित्रण करायला लावले, अशी मुलींची तक्रार होती. खेड्यातून शहरात काम शोधणाऱ्या मुलीच्या आईबापांनी ही बातमी लक्षात ठेवावी. ‘ऑडिशन’ला जाताना करारनामा आधी हातात मागावा, बरोबर कोणीतरी असावे.

पण आम्हाला जास्त खटकते ते घरात घडते. पोरगा असले काही पाहताना सापडला की आई रडते, बाप दोन फटके देतो आणि दुसऱ्या दिवशी मोबाइल काढून घेतला जातो तो पोरीचा! तिला महाडीबीटीवर शिष्यवृत्तीचा अर्ज भरायचा असतो, बारावीचा अभ्यास असतो. पोराचे मात्र ‘वयच तसे आहे’ म्हणून चालते. बापाने पोराला समोर बसवून बोलावे. लाज वाटत असेल तर मामाने बोलावे, थोरल्या भावाने बोलावे. त्याच्या आईचे काम आणि त्या पडद्यावरच्या मोलकरणीचे काम एकच आहे, हे त्याला सांगावे. आणि बाप स्वतः रात्री काय पाहतो, हेही एकदा विचारून घ्यावे, स्वतःलाच.

कायद्याचेही थोडे माहीत असावे. उघड लैंगिक कृत्याची चित्रफीत पुढे पाठविणे हासुद्धा गुन्हा आहे. माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ६७-अ प्रमाणे पहिल्या वेळी पाच वर्षांपर्यंत कैद आणि दहा लाखांपर्यंत दंड होऊ शकतो. ‘मी फक्त फॉरवर्ड केले’ ही सबब चालत नाही. कोणाचे नग्न किंवा जोडतोड केलेले चित्र समाजमाध्यमावर आले, तर तिने किंवा तिच्या वतीने कोणीही त्या कंपनीकडे तक्रार केल्यावर ठरलेल्या मुदतीत ते काढण्याची कारवाई करावी लागते. २०२१ च्या नियमांत तसे आहे. राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर अशी तक्रार नाव न देताही नोंदविता येते. फिर्याद कोणत्याही पोलीस ठाण्यात देता येते. हद्द आमची नाही असे म्हणून परत पाठवू लागले, तर ‘झिरो एफआयआर’ नोंदवा, असे सांगावे.