वास नेमका कशाचा येतो?

मागच्या रविवारी दुपारी घरमालक जिना चढून वर आले. दारातूनच तमिळ-इंग्रजी मिसळून म्हणाले, "तंबी, चिकन करा, मटण करा, कोण नको म्हणतंय? पण ते कुडल वगैरे नको. खाली वास येतो." कुडल म्हणजे आतडी, आपली वजडी. मी "बरं सर" म्हणालो, दार लावलं, गॅस बंद केला, खिडकी लावून घेतली आणि उदबत्ती पेटवली.

गंमत अशी की कढईत वजडी नव्हतीच. पाळीव सशाचं काळीज होतं आणि बाजूला भाजलेली वांगी. पण हे मी त्यांना सांगितलं नाही. वजडी नाही म्हणजे मी त्यातला नाही, असं सांगून सुटका करून घेतल्यासारखं झालं असतं. आणि खिडकी तर मी लावलीच होती. गेला आठवडाभर ती खिडकी माझ्या डोक्यातून जात नाही.

मी चेन्नईत पेरुंगुडीला राहतो. एका बाजूला ओएमआरवरच्या आयटी कंपन्यांच्या काचेच्या इमारती आणि दुसऱ्या बाजूला पळ्ळीकरणैची पाणथळ. तिच्याच काठावर शहराचा कचरा डेपो आहे. एप्रिल २०२२ मध्ये तो पेटला आणि कित्येक दिवस धुमसत राहिला. वारा फिरला की डेपोचा वास आजही घरात शिरतो. तो वास सगळ्या पेरुंगुडीने सवयीचा करून घेतला आहे. तो कचरा उपसणारे हात कोणत्या वस्त्यांतून येतात, हे या पोर्टलच्या वाचकांना सांगायला नको. या सगळ्यात तक्रार झाली ती माझ्या कढईची.

त्या कढईत काय होतं तेही सांगतो. रानातला ससा मारणं १९७२ च्या वन्यजीव कायद्याने गुन्हा आहे. हा फार्मवर पाळलेला. गिऱ्हाईक मांस नेतं आणि काळीज, गुर्दे, हृदय बाजूला पडतं. दुकानदाराने ते मला जवळजवळ फुकटच दिलं, जेमतेम दोन मुठी. काळजाला चिकटलेली पित्ताची पिशवी न फोडता काढायची, फुटली तर सगळं कडू. वांगी, टोमॅटो आणि इथले छोटे सांबार कांदे थेट जाळावर भाजायचे. तेलात आलं-लसूण आणि आईने लातूरहून पाठवलेला येसूर परतायचा, त्यात काळीज-गुर्दे टाकायचे. आतला लाल रंग गेला की लगेच भाज्या आणि मीठ घालून उतरवायचं. जास्त शिजलं तर काळीज रबरासारखं होतं. अर्ध्या तासाचं काम.

आता मालकांच्या वाक्याकडे येऊ. ते शाकाहारी नाहीत. तमिळनाडूत शाकाहारी असतात तरी किती? २०१४ च्या नमुना नोंदणी सर्वेक्षणानुसार या राज्यात पंधरा वर्षांवरचे ९७ टक्क्यांहून जास्त लोक मांसाहारी आहेत. महाराष्ट्रात हा आकडा साधारण ६० टक्के. तरीही 'फक्त शाकाहारींना' अशा भाड्याच्या जाहिराती या शहरात दिसतात. डिसेंबर २०१८ मध्ये इथल्याच आयआयटीच्या एका मेसमध्ये शाकाहारी आणि मांसाहारी विद्यार्थ्यांसाठी वेगळं दार, वेगळं बेसिन अशा पाट्या लागल्या होत्या. आरडाओरड झाल्यावर त्या उतरल्या. पाटी निदान दिसते, तिचा फोटो काढता येतो. माझ्या मालकांची रेघ दिसत नाही. ती मांसाहाराच्या आत, जनावराच्या अंगावरूनच जाते. मांडी चालते, आतडं चालत नाही.

तेच कुडल चेन्नईतल्या मदुराई पद्धतीच्या हॉटेलांत लोक परोट्याबरोबर हौसेने खातात. लंडनमध्ये फर्गस हेंडरसन यांनी १९९४ साली सेंट जॉन नावाचं रेस्टॉरंट काढलं आणि नाकापासून शेपटापर्यंत सगळं जनावर खाण्याला प्रतिष्ठा मिळवून दिली. जिममधली मुलं हल्ली काळजाला 'ऑर्गन मीट' म्हणतात. म्हणजे अडचण पदार्थाची नाही. तो कोणाच्या चुलीवर आहे, याची आहे. भाडं ठरवताना मालकांनी माझं आडनाव दोनदा विचारलं होतं. वासाचा विषय त्यानंतरचा.

पण सगळा दोष मालकांवर टाकून मला मोकळं होता येत नाही. एम. एन. श्रीनिवास यांनी १९५२ च्या पुस्तकात मांडलेलं 'संस्कृतीकरण' मी एम.ए.च्या पेपरात छान लिहिलं होतं. वर चढायचं तर वरच्यांचं खाणंपिणं, रीतिरिवाज उचलायचे. पेपरात लिहिलेलं मी हॉस्टेलवर जगतही होतो. "घरी काय करतात?" असं कोणी विचारलं की मी "चिकन" म्हणायचो. शाहू पाटोळे यांचं 'अन्न हे अपूर्णब्रह्म' २०१५ साली आलं. त्यात मराठवाड्यातल्या दलितांच्या घरची रक्ती, चान्या, वजडी नावानिशी छापलेली पाहिली, तेव्हा पहिल्यांदा वाटलं की हे पुस्तकात येऊ शकतं. तुम्हीही घरातले पहिले पदवीधर असाल तर असं एखादं खोटं उत्तर तुमच्याकडेही असेल.

इथे एक प्रश्न हमखास येतो. बाबासाहेबांनीच तर हे सोडायला सांगितलं ना? मार्च १९२७ मध्ये महाडच्या परिषदेत मेलेल्या जनावराचं मांस खाणं सोडा, शिळ्या तुकड्यांसाठी हात पसरू नका, असं आवाहन झालं. ते गावकीने लादलेल्या लाचारीतून बाहेर पडण्यासाठी होतं. सवर्णांच्या नाकाला बरं वाटावं म्हणून आपली चूल झाका, असं त्यात कुठेच नव्हतं. वजडी, काळीज आपल्या घरात आलं ते बहुतेकदा स्वस्त म्हणून, हेही खरं. त्या गरिबीचं मला कौतुक करायचं नाही. पण २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात देशातल्या ५७ टक्के स्त्रियांमध्ये रक्तक्षय आढळला आहे. अशा देशात लोहाने भरलेलं काळीज लाजून टाकून देणं कोणाच्या फायद्याचं आहे?

रात्री आईला फोन केला. तिने आधी विचारलं, "पित्त नीट काढलं का रे?" मग मालकांचं सांगितलं. ती जरा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, "आमी चुलीवर करायचो तर सगळ्या आळीला वास जायचा. वासावरच पोरं गोळा व्हायची ताटल्या घेऊन."

माझ्या घराचा करार तीन महिन्यांनी संपतो. मालक तो वाढवतील की नाही, माहीत नाही. थीसिस अर्धा झालाय आणि या भाड्यात दुसरी खोली मिळणं सोपं नाही. त्यामुळे तुम्ही सगळ्यांनी उद्याच मालकाशी भांडा, असं मी म्हणणार नाही. छप्पर टिकवणं हीसुद्धा गरज आहे. पण कोणी विचारलं तर पदार्थाचं नाव खरं सांगू, एवढं आपल्याला जमेल. येत्या रविवारी मी खरोखरच वजडी आणणार आहे. खिडकी उघडी असेल. मालक वर आले तर सांगेन, "सर, कुडलच आहे. बसा, ताट वाढतो."