चूक कोणाच्या खात्यावर?

पिंपरीच्या कारखान्यात घडलेल्या ‘इंडिका’ची गोष्ट मराठीच्या अध्यापकांना सांगावी, असे आम्हांस बरेच दिवस वाटत होते. जानेवारी १९९८मध्ये दिल्लीच्या प्रदर्शनात ही गाडी लोकांनी पाहिली. त्याच वर्षीच्या डिसेंबरात ती विक्रीस आली. बाह्यरूप इटलीतल्या तूरिनच्या संस्थेच्या साह्याने घडलेले, जोडणीची यंत्रसामग्री निस्सानच्या ऑस्ट्रेलियातील बंद पडलेल्या कारखान्यातून उचलून आणलेली, अभियंते मात्र इथले. नवी गाडी बाजारात सोडण्याआधी तिचे नमुने बनतात, मोजके लोक ते चालवून पाहतात. तरीही पहिल्या ग्राहकांच्या तक्रारी आल्याच. म्हणजे खरे चाचणीपथक ठरले ते पदरचे पैसे मोजणाऱ्यांचेच! पण त्या तक्रारींचा उपयोग झाला. कंपनीने सदोष भाग बदलून दिले आणि २००१मध्ये सुधारित ‘व्ही-टू’ आणली. दोष आराखड्याचा मानला गेला, चालकाचा नव्हे. आम्हांस महत्त्वाचे वाटते ते एवढेच.

लेखनपद्धती हाही एक आराखडाच असतो. मराठी साहित्य महामंडळाचे १४ नियम १९६२मध्ये मान्य झाले, १९७२मध्ये त्यांत आणखी ४ नियमांची भर पडली. पुढे ६ नोव्हेंबर २००९च्या शासननिर्णयाने पाकळीचा ‘ल’ आणि देठाचा ‘श’ प्रमाण ठरवला. (पाकळीचा ‘ल’ आम्हांस देखणा वाटतो, पण तो मुद्दा वेगळा.) अशा नियमांचे पहिले चाचणीपथक कोणते? तिसरी-चौथीतली मुले. शब्दाच्या शेवटचा इकार दीर्घ लिहावा, हे मूल शिकते आणि इमानाने ‘आणी’ लिहिते. ‘आणि’ हा अपवाद आहे, हे त्याला लाल शाईतून कळते. नियम पाळल्याबद्दल गुण कापले जाण्याचा हा अजब प्रकार आपण सर्वांनीच शिक्षक म्हणून केलेला आहे; आम्हीही केला आहे. गाडीचा ग्राहक निदान भांडतो, हे मूल मान खाली घालून तो शब्द दहादा लिहून आणते.

यापुढे लेखननियमांत काही बदल करायचा झाल्यास तो आधी भोसरी-चाकणच्या एखाद्या मराठी शाळेत, घरी हिंदी किंवा कन्नड बोलणारी मुलेही ज्या वर्गात बसतात तिथे, वर्षभर चालवून पाहावा. वह्या तपासाव्यात, पण गुण कापू नयेत. जी चूक निम्मा वर्ग करील, ती नियमाच्या खात्यावर मांडावी. सुरुवात ‘आणि’पासून करायला आमची हरकत नाही.