इसारपावतीची तारीख आजच बघा!

पिंगळी आणि पंचक्रोशीतल्या शेतकरी व प्लॉटधारक बंधू-भगिनींनो,

जमिनीचा, प्लॉटचा किंवा घराचा सौदा करून तुम्ही इसार दिला असेल आणि खरेदीखत अजून व्हायचं असेल, तर आज संध्याकाळी कागद पेटीतून बाहेर काढा. खरेदीखताची ठरलेली तारीख वाचा. त्या तारखेपासून तीन वर्षांच्या आत दिवाणी न्यायालयात दावा दाखल झाला नाही, तर सौदा कितीही खरा असला तरी खरेदीखत करून मागण्याचा रस्ता बंद होतो. 1963 चा मुदत कायदा हेच सांगतो. कागदावर तारीखच नसेल, तर समोरच्याने नकार दिल्याचं कळलं त्या दिवसापासून तीन वर्षं मोजतात. ‘दिवाळीनंतर करून देतो’, ‘बहिणीची सही झाली की बघू’ असल्या तोंडी शब्दांवर विसंबू नका. मुदत वाढवायची असेल तर दोघांच्या सह्यांनी लेखी वाढवा. वकिलाची नोटीस पाठवून गप्प बसलात तरी मुदत थांबत नाही.

हे आत्ताच सांगायला कारण आहे. जालना–नांदेड द्रुतगती महामार्ग आपल्या जिल्ह्यातून जायचा आहे. रस्ता आला की भाव चढतात, आणि भाव चढले की जुना सौदा नाकारायला कारणं सापडतात. भूसंपादनाची नोटीस येते ती सातबाऱ्यावर नाव असलेल्याला. तुमच्या इसारपावतीची तिथे नोंदही नसते.

इसारपावती म्हणजे मालकी नव्हे. 1882 च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याप्रमाणे मालकी मिळते ती नोंदणीकृत खरेदीखतानेच. नोटरीचा शिक्का, मुखत्यारपत्र आणि साठेखत यांच्या जोरावर मालकी मिळत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2011 मध्ये स्पष्ट केलं आहे. तरीही साठेखत नोंदलेलं नाही म्हणून खचू नका. खरेदीखत करून मागण्याच्या दाव्यात नोंद नसलेलं साठेखतही करार झाल्याचा पुरावा म्हणून वाचता येतं. मुद्रांक कमी असेल तर फरक आणि दंड भरावा लागेल. ताबा घेतला असेल तर मात्र वकिलाला लगेच गाठा, कारण 24 सप्टेंबर 2001 पासून अशा ताब्याला संरक्षण हवं असेल तर करार नोंदलेला लागतो.

समोरच्याने ‘ही सही माझी नाही’ म्हटलं की सिद्ध करण्याचा भार तुमच्यावर येतो. उलटतपासणीत विचारतील: पैसे कोणाच्या घरी दिले? किती वाजता? मोजले कोणी? एवढी रक्कम आणली कुठून? याची उत्तरं आजच जमवा.

मूळ कागद सांभाळा, झेरॉक्सवर विसंबू नका. त्याला लॅमिनेशन करू नका. हस्ताक्षरतज्ज्ञाला सही तपासणं अवघड होतं. बाँड उलटा करून पाहा: मागे अनुक्रमांक, विक्रीची तारीख, घेणाऱ्याचं नाव आणि मुद्रांक विक्रेत्याची सही असते. तीच नोंद विक्रेत्याच्या वहीतही असते आणि खऱ्या कागदाच्या बाजूने बोलते. मागच्या तारखेचा बनावट कागदही तिथेच उघडा पडतो, म्हणून हरवलेली पावती नव्याने ‘बनवण्याचा’ सल्ला कोणी दिला तर त्याला दारातूनच परत पाठवा.

उरलेली रक्कम द्यायला तुम्ही तयार होता, हेही दाखवावं लागतं. बँकेचं पासबुक, पोच असलेली नोटीस, ठरल्या दिवशी दुय्यम निबंधकाच्या कार्यालयात हजर राहिल्याचा लेखी पुरावा जपून ठेवा. यापुढे पैसे बँकेतूनच द्या. दोन लाख किंवा त्याहून जास्त रोख दिल्याचं दाव्यात आलं, तर न्यायालयाने आयकर खात्याला कळवावं, असं सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल 2025 मध्ये बजावलं आहे.

जमीन विकणाऱ्यांनो, कोऱ्या बाँडवर सही किंवा अंगठा देऊ नका. आणि ज्यांनी लग्नासाठी, दवाखान्यासाठी कर्ज घेतलं आणि सावकाराने तारण म्हणून खरेदीखत लिहून घेतलं, त्यांनी जमीन गेली असं धरून बसू नये. तो कागद खऱ्या विक्रीचा नव्हताच, हे तोंडी पुराव्याने दाखवता येतं, असं सर्वोच्च न्यायालयाने 1981 मध्येच म्हटलं आहे. सावकार विनापरवाना असेल तर 2014 च्या सावकारी कायद्याखाली सहकार खात्याच्या जिल्हा उपनिबंधकाकडे अर्ज करा. तिथे पंधरा वर्षांपर्यंतचे व्यवहार तपासता येतात.

आणि साक्षीदारांनो, तुम्हाला हात जोडून विनंती आहे. चहा घेऊन तुम्ही ज्या कागदावर सही केलीत, त्यावर कुणाची तरी आयुष्याची कमाई टांगलेली आहे. ‘भावकीत वाईटपणा नको’ म्हणून समन्स टाळू नका. जे डोळ्यांनी पाहिलं तेवढंच सांगा, पण सांगायला या. म्हाताऱ्या साक्षीदाराची जबानी वेळेत नोंदवून घेण्यासाठी वकिलाकरवी अर्ज करता येतो. तो आत्ताच करा.

वकिलाची फी परवडत नाही म्हणून थांबू नका. परभणीच्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे पात्र व्यक्तींना मोफत वकील मिळतो. महिला, अनुसूचित जाती-जमातीचे लोक आणि दिव्यांग यांना उत्पन्नाची अट न बघता ही मदत आहे. 15100 हा मोफत क्रमांक घरात लिहून ठेवा.

ज्यांना वाचता येत नाही, त्यांचा कागद शेजारच्या शिकलेल्या पोराने वाचून दाखवावा. मुदतीचं एक वर्षही उरलं नसेल, तर उद्याच परभणीला जाऊन वकिलाला भेटा.